डावीकडे की उजवीकडे?

नोव्हेंबरचा चौथा गुरुवार जवळ आला की अमेरिकेतली शहाणीसुरती माणसं भाजीत साखर घालू लागतात. एरवी ही मंडळी आधी खारं, शेवटी गोड हा क्रम सोवळ्यासारखा पाळतात. थँक्सगिव्हिंगला मात्र गोड भोपळा टर्कीच्या मांडीला मांडी लावून बसतो आणि त्याला कोणी पक्वान्न म्हणत नाही. तो ‘साइड डिश’, म्हणजे कायद्याने भाजीच.

न्यू जर्सीत लेकीकडे असताना शेजारच्या पंगतीला ही भाजी न्यायचं काम आमच्याकडे आलं. लेकीने बटरनट स्क्वॉश आणि सफरचंदाचं कॅसरोल ठरवलं; टर्की न खाणाऱ्या आईवडिलांच्या पानात काहीतरी पडावं, हा हेतू.

बटरनट नात्याने आपल्या लाल भोपळ्याचा सख्खा भाऊबंद, पण चण लहान, मान लांब आणि रंग फिका. गोष्टीतली म्हातारी लेकीकडून परतताना ज्यात बसते, तो भोपळा वेगळा. यात तिची वहाणसुद्धा मावली नसती. (लेकीकडे महिनाभर तूपरोटी झाल्यापासून आमच्या हिच्यासमोर ही गोष्ट काढायची सोय राहिलेली नाही.)

अख्ख्या भोपळ्यावर पहिला घाव पुरुषाने घालायचा, हा आमच्या घरचा नियम अटलांटिक ओलांडून आला होता. लेक एरवी असल्या नियमांवर तासभर वाद घालते. भोपळ्याची साल बोटाने वाजवून पाहिल्यावर मात्र तिला परंपरेचं महत्त्व एकदम पटलं. जावईबापू सुरी घेऊन पुढे झाले. सुरी निम्मी आत गेली आणि तिथेच राहिली. उपसायला गेले तर भोपळाही वर आला. विळ्याभोपळ्याचं सख्य आपण ऐकून असतो, पण ज्या घरात विळीच नाही तिथे भोपळा किती माजतो हे बघायचं असेल तर अमेरिकेला जावं. अखेर त्याला टोचे मारून दोनेक मिनिटं मायक्रोवेव्हमध्ये कोंडला, तेव्हा वठणीवर आला. सोलताना निघणारा चीक हातावर वाळून कातडी आवळते, हे कुठल्याही पाककृतीत ठळक अक्षरात का लिहीत नाहीत कोण जाणे. जावईबापू संध्याकाळपर्यंत हात चोळत होते.

सफरचंदं ग्रॅनी स्मिथचीच हवीत. ऑस्ट्रेलियातल्या मारिया ॲन स्मिथ या आजीबाईंच्या बागेत 1868 च्या सुमारास उगवलेली ही हिरवी, आंबट जात ओव्हनमध्येही आकार सोडत नाही. मॅकिंटॉश घातलं तर लगदा ठरलेला. भोपळा शिजायला वेळ घेतो, म्हणून त्याच्या फोडी बारीक, सफरचंदाच्या मोठ्या. त्यात लोणी, ब्राउन शुगर, दालचिनी, जायफळ. वर ओट्स आणि पिकान. ओव्हन 350 अंश फॅरनहाइटवर, आधी झाकून, मग उघडं. जायफळाचा वास सुटला तशी ही स्वयंपाकघरात येऊन म्हणाली, “अहो, इथे पुरण कोणी घातलं?”

चवीला घारग्यांसाठी शिजवलेल्या गूळ-भोपळ्यासारखं लागतं, फक्त मधूनच एखादी आंबट फोड दाताखाली येते. मला आवडलं. त्याच टेबलावर मार्शमेलोचं पांघरूण घेतलेली रताळी होती, ती नाही आवडली. रताळी गोड करायची चाल तिकडे जुनी आहे, पण हे पांघरूण कंपनीच्या कृपेचं. 1917 साली एका मार्शमेलो कंपनीने जॅनेट मॅकेन्झी हिल या पाककलेतल्या नावाजलेल्या बाईंकडून पुस्तिका करून घेतली आणि त्या पुस्तिकेतून ही कृती पसरली. आपला माल गिऱ्हाइकाच्या थेट पानात वाढण्याची ही युक्ती मानली पाहिजे.

पंगतीत आमच्या दोघांत वाद झाला तो वेगळाच. क्रॅनबेरीचं सॉस डावीकडे, चटणीच्या जागी, यावर एकमत होतं. पण हे कॅसरोल? ही म्हणाली, कोशिंबिरीशेजारी, डावीकडे. मी म्हटलं, आपल्याकडे श्रीखंड का जेवण संपेपर्यंत ताटकळत बसतं? पुरणपोळीही आमटीभाताच्या सोबतीनेच पानात येते. वर्षातून एक दिवस अमेरिकन माणूस आपल्यासारखा जेवतो, एवढाच याचा अर्थ. हे पक्वान्न आहे. तिकडचे लोक कबूल करोत वा न करोत.

घरी करणार असाल तर लाल भोपळा चालतो. सफरचंद मात्र आंबटच बघून घ्या, साखर पाककृतीत असेल त्याच्या निम्मी घाला आणि उजवीकडे वाढा.