आरव, म्हणजे शांत

भाच्याचा फोन आला. "मामा, मुलाचं नाव ठरलं. आरव. म्हणजे शांत. शुद्ध संस्कृत." मागे बाळाने भोकाड पसरलं होतं, त्यामुळे नाव पटलं, संस्कृतही पटलं. मधलं तेवढं अडकलं.

आपट्यांचा कोश काढला. 1890 सालचं काम, पण बाळाच्या रडण्याबद्दल अजून ताजं: आरव म्हणजे आवाज, आरडाओरडा. खरं तर कोशही कशाला? पहाटे कोंबडा काय करतो? आरवतो. तो शांतपणे आरवल्याचं कुणाच्या ऐकिवात नाही.

इंटरनेटवर मात्र आरव शांत आहे. एका साइटने लिहिलं, दुसरीने उतरवलं, तिसरीने खाली शुभांक आणि शुभरंग जोडला. पन्नास ठिकाणी तीच चूक दिसली की तिचा पुरावा होतो. "एवढे सगळे चुकतील का?" भाच्याने विचारलं. मी म्हटलं, सगळे नाही चुकले रे, एकच चुकला. बाकीच्यांनी कॉपी केली.

पूर्वी अर्थ आधी यायचा, नाव मागून. पोरं जगत नसत म्हणून दगडू, धोंडू, केरबा. यमाने बघावं आणि कचरा समजून पुढे जावं. आणि पुन्हा मुलगीच झाली की नकुशा. 2011 साली सातारा जिल्ह्यात अडीचशेहून जास्त नकुशांचं सरकारने नव्याने बारसं केलं. त्या नावाचा अर्थ बघायला कुणाला कोश लागला नव्हता.

आता आधी नाद पसंत करायचा, मग त्यावर मॅचिंग अर्थ शोधायचा. काहीच नाही मिळालं तर 'विष्णूचे एक नाव' आहेच. सहस्रनामात 1000 होती. रेयांश, कियांश धरून आकडा कुठे गेलाय हे विष्णूलाच ठाऊक.

मायरा म्हणे संस्कृतात 'प्रिय'. हे नाव फुल्क ग्रेव्हिल नावाच्या इंग्रज कवीने कवितेतल्या प्रेयसीसाठी बेतलं. तो 1628 साली वारला, संस्कृत न शिकता. कियाराची गंमत वेगळीच. इटालियन मूळ धरलं तर उजळ, आयरिश धरलं तर काळीसावळी. स्थळं बघायला लागेपर्यंत कुठलं मूळ धरायचं ते ठरवलं तरी चालेल. आणि अनय! कोशात अनीती आणि संकट, मराठी परंपरेत राधेचा नवरा. कृष्णाच्या गोष्टीत नेमकं ते पात्र निवडायला धाडस लागतं.

सगळंच खोटं असतं असं नाही. विहान म्हणजे पहाट, हे कोशात सापडतं. नेपाळीत आजही सकाळला बिहान म्हणतात. पण तपासल्याशिवाय खरं कुठलं आणि शिवून घेतलेलं कुठलं, कळणार कसं? पुण्यात डेक्कन कॉलेजने संस्कृतच्या महाकोशाचं काम 1948 साली हाती घेतलं. तीसहून जास्त खंड निघाले तरी गाडी 'अ'वरच होती. तिथली माणसं एका शब्दावर किती काळ बसत असतील! इथे दुपारच्या झोपेत बाळाचं नाव, अर्थ आणि केक तिन्ही फायनल.

"बरं, मग तूच सांग," भाचा वैतागला. "अर्थ शांतच हवा. आणि ऐकायला आरवसारखं."

आहे की, म्हटलं. नीरव. ज्यात रव नाही तो. व्याकरण चोख, आपट्यांची सही.

पलीकडे खरोखरच नीरव शांतता पसरली. मग हळूच आवाज आला, "मामा, ते पंजाब नॅशनल बँकवालं?"

काल व्हॉट्सअॅपवर बारशाची पत्रिका आली. नाव आरवच, खाली कंसात, सोनेरी अक्षरात: शांत.