बैलाने पाडलेला माणूस

सावनेरात बसून मी अमेरिकेची दुखणी मोजतो. नागपूरच्या एका कंपनीचं मेडिकल कोडिंगचं काम घरूनच करतो. म्हणजे तिकडच्या डॉक्टरने लिहिलेलं वाचायचं आणि प्रत्येक दुखण्याला आयसीडी-१० या दुखण्यांच्या यादीतला कोड लावायचा. कोडशिवाय तिकडचा विमावाला दमडी सोडत नाही. आई शेजारपाजारी सांगते, पोरगा अमेरिकेच्या डॉक्टरांचे पेपर तपासतो. मी ते कधी खोडून काढलेलं नाही.

अमेरिकेने ऑक्टोबर २०१५ पासून ही यादी आपल्या सोयीने फुगवून वापरात आणली, आणि तिच्यात काय नाही ते विचारा! बदक चावलं तर एक कोड, बदकाने धडक दिली तर दुसरा. विमानाच्या इंजिनात ओढला गेलेला माणूस पुन्हा दाखवायला आला, तर त्याचीही सोय आहे. सासरच्यांशी पटत नाही, त्याला झेड६३.१. हा कोड आमच्या तालुक्यात सुरू झाला तर सर्व्हरच बसेल.

आता माझं स्वतःचं दुखणं. तान्हा पोळा होता. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पोरं चाकांचे लाकडी नंदी घेऊन बोजारा, म्हणजे खाऊ-पैसे, मागत फिरतात. भाच्याचा फोटो काढत मी मागे मागे सरकलो आणि दुसऱ्याच कुणाच्या तरी वीतभर नंदीवर अडखळून आडवा झालो. घोटा मोडला. दवाखान्यात मी कण्हत असताना आत्याने परस्पर सांगून टाकलं, "बैलानं पाडलं जी!" डॉक्टरांनी तसंच लिहिलं. डब्ल्यू५५.२२, गाईची धडक. बैलही त्यातच मोजतात. दुरुस्ती सुचवायला मी तोंड उघडलं, पण शेजारच्या खाटेवरचा शेतकरी आदराने बघत होता. मिटलं.

प्लेट बसली, हाड जुळलं, दुखणं मात्र मुक्कामाला राहिलं. डिसेंबरातल्या पहाटे कुठला स्क्रू कुठे आहे, हे मी एक्स-रेशिवाय सांगू शकतो.

अशा दुखण्याचा कोड मला तोंडपाठ: टी८४.८४एक्सए. हाडात बसवलेल्या वस्तूमुळे होणारी वेदना. त्यातला एक्स नुसता जागा धरायला, एसटीच्या खिडकीतून टाकलेल्या रुमालासारखा. शेवटच्या ए चा अर्थ नवखे 'पहिली भेट' असा घेतात. खरं तर या दुखण्यावर उपचार चालू आहेत, एवढंच. दुखणं जुनं असेल तर जोडीला जी८९.२८. पण जुनं म्हणजे किती? आयसीडी-११ तीन महिन्यांची मुदत धरतं. अमेरिका अजून १० वरच, आणि तिथे मुदतच नाही; डॉक्टरने 'क्रॉनिक' लिहिलं की क्रॉनिक. मला झोंबतं ते वेगळंच. बदक चावलं की धडकलं याची चौकशी करणारं हे पुस्तक, प्लेट डाव्या पायात दुखते की उजव्या, हे विचारतच नाही. खुबा, गुडघा, घोटा, सगळे एकाच कोडमध्ये कोंबलेले.

आमच्या धंद्यात कोडरने अंदाज बांधायचा नसतो. दुखणं प्लेटमुळेच आहे, असं डॉक्टरने लिहायला हवं. लिहिलं नसेल तर विचारावं, पण उत्तर त्याच्या तोंडात घालू नये. हे माझ्या अंगात इतकं मुरलंय की स्वतःच्या डॉक्टरसमोरही सुटलं नाही.

"काय होते?"

"घोट्यात वेदना आहे. तिच्या कारणाविषयी आपलं वैद्यकीय मत नोंदवाल का?"

डॉक्टरांनी चष्म्यावरून पाहिलं. "प्लेटनं दुखते का?"

"ते मी सांगणं नियमात बसत नाही."

"मंग कोन सांगन?"

त्यांनी घोटा दाबला. मी बाहेरच्या बाकापर्यंत ऐकू जाईल असा ओरडलो, पण ओरडण्यात कारण नमूद नव्हतं. कागदावर आलं, 'पेन प्लस', म्हणजे दुखतं एवढंच, आणि खाली पाच दिवसांच्या गोळ्या. ना प्लेट, ना क्रॉनिक. म्हणजे नियमाने माझी नुसती घोटेदुखी, एम२५.५७, आणि या साध्या कोडला मात्र डावं-उजवं लागतं! मी दारातून मागे फिरलो.

"डॉक्टर, डावा की उजवा, तेवढं लिहून देता का?"

त्यांनी पेन खाली ठेवला.

"काऊन जी, तुमाले मालूम नाई का?"