बोरीचा फोल्डरधारक

जिंतूर तालुक्यातील बोरीसारख्या कापूस-सोयाबीनच्या गावात अलीकडे जो एक नवा मानवप्रकार स्थिरावला आहे, त्यास ‘फोल्डरधारक’ म्हणणे सोयीचे ठरेल. जपानी मालिकांचे भाग साठवलेले ऑनलाइन कप्पे, म्हणजेच फोल्डर, कोणा अज्ञाताने लिंक देऊन सर्वांस खुले केलेले असतात. ते हुडकणे, तपासणे आणि जपणे हे या गृहस्थाचे मुख्य कार्य असून मालिका पाहणे गौण होय. ‘जगात जर्मनी, भारतात परभणी’ ही म्हण त्यास मान्य आहे, मात्र जर्मनीच्या जागी जपान बसवावा, अशी त्याची दुरुस्ती आहे.

जपानी सार्वजनिक वाहिनी एनएचकेची 1983-84 मधील 297 भागांची ‘ओशिन’ पुढे दूरदर्शनवर आली होती, एवढ्या आधारावर तो आपली परंपरा प्राचीन ठरवतो. अलीकडची जपानी मालिका बहुधा दहा-अकरा भागांत संपते, हे तो एकाच लग्नाचा मांडव वर्षभर पाहणाऱ्या शेजाऱ्यांस अभिमानाने ऐकवतो. परंतु नव्या मालिका जानेवारी, एप्रिल, जुलै व ऑक्टोबर अशा चार हंगामांत येत असल्याने जुलैचा हंगाम कोळपणीत आणि ऑक्टोबरचा सोयाबीनच्या काढणीत सापडतो, व मराठवाड्याच्या इतर अनुशेषांप्रमाणे हाही भरून निघत नाही.

त्याची खरी विद्वत्ता सावधगिरीत दिसते. मुलीच्या स्थळाची करावी तशी तो प्रत्येक फाइलची चौकशी करतो. विंडोज प्रणाली फाइलच्या नावाचे शेपूट, म्हणजे तिचा प्रकार सांगणारी शेवटची अक्षरे, मुळात लपवून ठेवते, त्यामुळे ‘भाग 3.एमपी4’ दिसणारी वस्तू प्रत्यक्षात ‘भाग 3.एमपी4.ईएक्सई’, म्हणजे उघडताच संगणकात शिरकाव करणारा प्रोग्राम असू शकते. म्हणून शेपूट उघडे केल्यावाचून तो माउसला हात लावत नाही. भाग पाहण्यासाठी आधी अमुक प्लेअर उतरवा किंवा जीमेलचा पासवर्ड पुन्हा द्या, असे सांगणाऱ्या पानावरून तो तत्क्षणी परततो. गूगल ड्राइव्हची फुकट जागा 15 जीबी असल्याने तो प्रत न करता केवळ शॉर्टकट, म्हणजे मूळ फोल्डरकडे बोट दाखवणारी खूण, ठेवतो. मूळ मालकाने फोल्डर पुसला की खूण तेवढी उरते, आणि घरात त्या दिवशी सुतक पाळले जाते.

एका बाबतीत मात्र ही सावधगिरी झोपी जाते. फाइल निर्धोक असणे वेगळे आणि कायदेशीर असणे वेगळे, हा भेद त्यास रुचत नाही. 1957 च्या कॉपीराइट कायद्याचे कलम 63 जाणूनबुजून केलेल्या उल्लंघनास सामान्यतः सहा महिने ते तीन वर्षे कारावास आणि 50 हजार ते 2 लाख रुपये दंड सांगते, हे कानावर घातल्यास ‘इथं मिळतच नाहीत ना त्या’ असे तो म्हणतो. कायद्यात अशी सवलत नाही. शिवाय नेटफ्लिक्सवर रीतसर मिळणारी, 2016 ची ‘मिडनाइट डायनर: टोकियो स्टोरीज’ त्याच्या फोल्डरात दोनदा आहे.

सुट्टीला आलेला भाचा ‘मामा, यातली चांगली कोणती?’ असे विचारतो, तेव्हा फोल्डरधारक चष्मा पुसून गंभीरपणे उत्तरतो, ‘बघितली न्हाई बाबा अजून एकबी, पण व्हायरस कशातच न्हाई.’