मेजरसाहेब आणि बोहारची भाजी

पोलाद कारखान्याच्या भोंग्यावर घड्याळ लावणाऱ्या आम्हा भिलाईकर मराठी मंडळींना जंगल भेटतं ते बहुधा टीव्हीवर. बेअर ग्रिल्स दगड उलटतो, खालची वळवळणारी अळी तोंडात टाकतो आणि वर तिचे गुण सांगतो. ब्रिटनच्या एसएएस या खास लष्करी पथकाच्या राखीव दलात राहिलेला हा गडी. २०१९ मध्ये त्याने कॉर्बेटच्या जंगलात आपल्या पंतप्रधानांनाही नदी पार करायला लावली. आमच्याकडे जेवणाच्या वेळी त्याला घरात प्रवेश नाही.

माझा जीव जडला तो ऑस्ट्रेलियाच्या मेजर लेस हिडिन्स यांच्यावर. व्हिएतनामच्या युद्धात लढून आलेला हा माणूस. उत्तर ऑस्ट्रेलियाच्या रानात अडकलेल्या जवानाने पोट कशावर भरायचं, याचा अभ्यास त्यांनी लष्करासाठी केला. त्यातूनच १९८८ मध्ये ‘बुश टकर मॅन’ ही मालिका आली. डोक्यावर रुंद काठाची हॅट, दिमतीला लँड रोव्हर आणि बोलणं शेजारच्या काकांसारखं निवांत. उड्या नाहीत, किंकाळ्या नाहीत. तिथल्या मूळ रहिवाशांना जे पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक, ते यांनी त्यांच्याकडूनच शिकून घेतलं. तिथलं काकाडू प्लम हे फळ दिसायला बोराएवढं, पण क जीवनसत्त्वात संत्र्याला कुठल्या कुठे मागे टाकणारं. कुळाने ते आपल्या हिरड्या-बेहड्याचं भावंड! पण परदेशी फळ म्हटलं की आपण माना डोलावतो आणि हिरडा आजीच्या बटव्यात ठेवून मोकळे होतो.

मेजरसाहेब आमच्या भिलाईतल्या सुपेल्याच्या बाजारात आले असते तर रमले असते, असं मला फार वाटतं. उन्हाळा लागला की तिथे बायका गोणपाटावर बोहार मांडून बसतात. बोहार म्हणजे भोकराच्या कोवळ्या कळ्या आणि पानं. भाव ऐकून माझा चेहरा पडला की भाजीवाली मला धीर देते, “मही मा रांधबे, दीदी.” ताकात शिजवायची, की चिकटपणा जातो. ही पाककृती फुकट, भाजीचे पैसे मात्र रोख. पावसाळ्यात चरोटा येतो. आपला टाकळाच तो, कोकणातल्या माझ्या नणंदेला फोटो पाठवला तर म्हणाली, “अगं, हा आमच्या गडग्यापाशी उगवतो!” बस्तरात तर लाल मुंग्यांची चापडा चटणी आठवडी बाजारात पानाच्या द्रोणात मिळते. ग्रिल्स जे डोळे मिटून गिळेल, ते तिथली पोरं बोटं चाटत खातात, आणि कुणी कॅमेरा लावत नाही.

मेजरसाहेबांचं मोठेपण एवढ्यासाठीच, की त्यांनी विचारून खाल्लं. तुम्हीही रानातलं काही स्वतः ओळखून तोडायला जाऊ नका. बाजारात त्या बाईला विचारा, ती सांगेल तसं शिजवा, आणि कृपा करून बोहारच्या जुडीसाठी घासाघीस करू नका.