गारेगार, मुक्काम वाघोली

मे महिन्यात वाघोलीत दोन भाव रोज बोलले जातात. एक टँकरचा, दुसरा हापूसचा. पहिला चढत असतो, दुसरा उतरत असतो. ज्या आठवड्यात हे दोघे वाटेत एकमेकांना भेटतात, त्या आठवड्यात आमच्या सोसायटीत घरोघरी मिक्सर लागतो आणि गारेगारचा मोसम सुरू होतो. अर्थशास्त्राच्या पुस्तकात हा आलेख सापडायचा नाही, कारण ती पुस्तकं लिहिणारी माणसं नगर रोडला राहत नाहीत.

वाघोली गाव जुनं. वाघेश्वराचं देऊळ आहे, पिलाजीराव जाधवरावांची समाधी आहे. पण फळफळावळीत गावाचं नाव नाही. इथे खाणीतून दगड निघाला आणि त्याच्या खडीवर मजले उगवले. 2021 साली गाव पुणे महापालिकेत गेलं तोवर आमच्यासारखे उपरे इतके झाले होते, की ‘मूळचे कुठले?’ ह्या प्रश्नाला कोणी ‘वाघोलीचाच’ म्हणालं तर आम्ही त्याला खुर्ची देतो. आमच्या विंगमध्ये पहिल्या मजल्यावर जळगाव, दुसऱ्यावर सोलापूर, चौथ्यावर नागपूर आणि पाचव्यावर कोट्टायम राहतं. तिसऱ्यावर आम्ही. माझं आजोळ राजापूरकडचं, बायकोचं माहेर सासवडचं. म्हणजे उन्हाळ्यात हापूस-फणस आणि पावसाळा लागला की सीताफळं, अशी दोन्ही आघाड्यांवर आमची नाकेबंदी झालेली आहे.

शहरातल्या माणसाला वाटतं, घरी आइस्क्रीम वगैरे करणं ही हौस आहे. ती हौस नाही. ते आपत्ती व्यवस्थापन आहे. मामांकडून आंब्याची पेटी येते तेव्हा आंबे हिरवेगार असतात. पलंगाखाली पेंढ्यावर अढी लागते. पुढचे काही दिवस घरातलं प्रत्येक माणूस येता-जाता वाकून एकेक आंबा दाबून बघतं आणि तज्ज्ञाच्या आवाजात ‘अजून नाही’ म्हणतं. मग एका सकाळी सगळे आंबे एकदम पिकतात. रात्री त्यांची बैठक होऊन तसा ठराव झालेला असतो. त्या दिवशी नाश्त्याला आमरस, जेवायला आमरस, चहाच्या वेळी फोडी आणि रात्री ‘आज भात नको, रसच घे’ असा आग्रह. दुसऱ्या दिवशी मुलगी विचारते, ‘आज डब्यात भाजी मिळेल का?’ शेजाऱ्यांना द्यावेत म्हणून परात घेऊन जिना चढावा, तर समोरून नागपूर संत्री घेऊन उतरत असतं किंवा खालून जळगाव केळ्यांचा घड घेऊन चढत असतं. दोघंही एकमेकांना ‘अहो, कशाला!’ म्हणतात आणि दोघंही ते मनापासून म्हणत असतात. शेवटी उरतो फ्रीझर.

आमचा फ्रीझर आकाराने लहान, पण वहिवाट जुनी. उजवीकडे जानेवारीत सोललेला मटार. डावीकडे खवलेलं खोबरं. मागे आईचा एक स्टीलचा डबा, ज्यात काय आहे हे विचारायची आमच्याकडे पद्धत नाही. कुल्फीचे साचे उभे ठेवायचे तर मटार हलवावा लागतो आणि मटाराला हात लावायचा तर आईची मंजुरी लागते. ‘दोन दिवस थांब, मटारभात करते, मग ठेव,’ ती म्हणते. त्यामुळे आंब्याची कुल्फी खायला मिळावी म्हणून आम्ही ऐन मे महिन्यात घाम पुसत मटारभात खातो. डबा मात्र जागचा हलत नाही.

आईचा ह्या सगळ्या प्रकारावर मुळातच विश्वास नाही. त्याला इतिहास आहे. आमच्या लहानपणी दुपारी सायकलवर खोका लावून गारेगारवाला यायचा. नंतर पेप्सी आली. बाटलीतली नव्हे, नळीसारख्या पिशवीत गोठवलेलं केशरी पाणी. टोक दाताने तोडायचं आणि रंग संपून नुसता बर्फ उरेपर्यंत ओढत राहायचं. हे सगळं ‘गटाराच्या पाण्याचं’ असतं, असं महाराष्ट्रातल्या यच्चयावत आयांनी आपापल्या मुलांना सांगितलेलं आहे. चंद्रपूरपासून सावंतवाडीपर्यंत गटारं वेगळी असतील, वाक्य एकच. म्हणून आम्ही मोठे झाल्यावर घरी गारेगार करतो, तर तीच आई साच्यात डोकावून विचारते, ‘पाणी कुठलं?’

‘टँकरचं.’

‘टँकर कुठे भरतात?’

हा प्रश्न वाघोलीत चारचौघांत विचारायचा नसतो. मी म्हटलं, ‘आई, मशीनमधून गाळून घेतलंय. उकळलंयसुद्धा.’ तिने कैरीच्या गारेगारची एक काडी उचलली, दोनदा चोखली, डोळे मिटले आणि म्हणाली, ‘चव तीच आहे.’ ही तक्रार होती की दाद, ते अजून ठरायचं आहे. काडी मात्र तिने संपवली.

काडीवरच्या ह्या गारेगारचं श्रेय एका अकरा वर्षांच्या अमेरिकन मुलाला दिलं जातं. फ्रँक एपर्सन त्याचं नाव. 1905 साली त्याने पावडरीचं सरबत ढवळलं आणि पेला काडीसकट रात्रभर ओसरीवर विसरला. थंडी कडक पडली, सकाळी काडीला धरून सगळं एकसंध बाहेर आलं. 1924 मध्ये त्याने त्याचं पेटंटही घेतलं. पोराने पसारा आवरला नाही म्हणून त्याच्या आईने त्या सकाळी त्याला बदडलं असतं तर जग एका शोधाला मुकलं असतं. आमच्या गॅलरीत रात्री पेला विसरला तर सकाळी त्यावर समोरच्या बांधकामाची साय धरते. शोध लागायलाही योग्य हवामान लागतं.

आमच्याकडे शास्त्र आलं ते दुसऱ्या मजल्यावरून. तिथले काका सोलापूरकडच्या एका साखर कारखान्यात केमिस्ट होते. निवृत्तीनंतर त्यांना तपासायला रस उरला नव्हता, तो आम्ही पुरवला. त्यांचं म्हणणं असं, की गार पदार्थाची गोडी जिभेला कमी लागते, म्हणून साच्यात ओतताना मिश्रण चाखलं तर ते ‘अंमळ जास्तच गोड झालं’ असं वाटलं पाहिजे. पण साखर पाण्याला गोठू देत नाही. जास्त पडली तर उणे अठरा अंशांच्या फ्रीझरमध्ये रात्रभर ठेवूनही काडी तिरकी होते. ‘साखर कमी पडली तर दगड, जास्त झाली तर काहीच घट्ट धरत नाही,’ काका म्हणाले. ‘आमच्या भागात हे निवडणुकीला उभं राहणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक असतं.’

ह्या कसोटीवर त्यांनी प्रत्येक फळाची पत ठरवून दिली. कलिंगड नापास, कारण त्यात पाणीच फार. गोठलं की ते खायचं नसतं, फोडायचं असतं. हापूस पहिला, कारण गर दाट आणि साखर अंगचीच. फक्त आटवलेलं दूध पूर्ण गार झाल्याशिवाय त्यात रस घालायचा नाही, नाहीतर कुल्फीऐवजी पनीर हाती येतं. आणि दूध आटवायला कंटाळायचं नाही. जेवढं पाणी उडेल तेवढे बर्फाचे खडे कमी आणि कुल्फी दाताखाली करकरत नाही. फणसात बरका चालतो, कापा नाही. बरक्याचा लिबलिबीत गर चाळणीतून सरसर उतरतो. काप्याचे गरे गोठले की आत्मसन्मान राखून राहतात. पण सगळ्यांत थक्क केलं ते जळगावच्या केळ्याने. काळपट ठिपके पडलेली केळी चकत्या करून गोठवायची आणि तशीच मिक्सरमध्ये फिरवायची. आधी नुसता भुगा होतो, माणूस निराश होतो, मिक्सर ओरडतो. मग मिनिटभरात भांड्यात आपोआप लोण्याइतका मऊ गोळा धरतो. दूध नाही, साय नाही, साखरही नाही. पहिल्या मजल्यावरच्या काकूंनी हे दाखवलं त्या दिवसापासून घरात पिकून काळ्या पडलेल्या केळ्यांना मान आला आहे.

अननसाचा मान मात्र वेगळ्या रीतीने ठेवावा लागतो. पाचव्या मजल्यावरच्या चेचींनी गावाहून अननस आणले तेव्हा काकांनी सगळ्यांना बसवून सांगितलं, की कच्च्या अननसात ब्रोमेलेन नावाचं एक विकर असतं, ते दुधातल्या प्रथिनांचे तुकडे करतं आणि म्हणून दूध कडू होतं. पपईतही असाच एक भाऊबंद असतो. व्याख्यान रंगात आलं होतं. तेवढ्यात चेची स्वयंपाकघरातून पातेलं घेऊन आल्या. अननस साखरेत शिजवून, गार करून, नारळाच्या दुधात घालून झालेला होता. शिजवलं की विकर मरतं, हे काका सांगायचेच राहिले होते. ‘तुम्हाला कसं कळलं?’ त्यांनी विचारलं. चेची म्हणाल्या, ‘अम्मा असंच करते.’

सीताफळाला मात्र शास्त्र लागू नाही, तिथे फक्त चिकाटी. मिक्सर फिरवला की बी फुटते आणि ती पोटात जाऊ द्यायची नसते. माझ्या सासूबाईंची पद्धत अशी. मोठी चाळण परातीवर ठेवायची, मूठभर गर त्यात घ्यायचा आणि बोटांच्या पेरांनी हलके हलके गोल फिरवायचा. जोर लावायचा नाही. गर पांढरा, रवाळ, खाली उतरतो. काळ्या बिया एकेक करून चकचकीत होत वर राहतात. हे काम मालिका बघत करायचं असतं. एका भागात वाटीभर गर होतो. मालिकेचं कथानक आणि सीताफळाचा गर, दोन्ही सारख्याच वेगाने पुढे सरकतात.

वर्षातून एकदा गच्चीवर पॉट आइस्क्रीम होतं. लाकडी बादली, मध्ये पत्र्याचं भांडं, वर हँडल. त्याला बर्फाची लादी लागते आणि ती आम्ही खराडीच्या बाजूने आणतो. 1833 साली फ्रेडरिक ट्यूडर नावाच्या व्यापाऱ्याने बॉस्टनहून ‘टस्कनी’ जहाजातून 180 टन बर्फ कलकत्त्याला धाडला. जहाज चार महिने समुद्रात होतं, विषुववृत्त ओलांडून आलं आणि तरी 100 टनांच्या आसपास बर्फ शिल्लक होता. ट्यूडरसाहेबांना समुद्र लागला, संध्याकाळी सातचा केसनंद फाटा लागला नाही. आमची लादी पोत्यात, पोतं भुशात आणि भुसा डिकीत, असा बंदोबस्त असूनही सोसायटीच्या गेटपाशी पोचते तेव्हा वॉचमनला ती दाखवावी लागते, नुसतं पाणी कशाला आणलं म्हणून तो विचारतो.

उरलेल्या लादीवर जाडं मीठ पडतं. मीठ बर्फाला शून्याच्याही खाली वितळायला लावतं. प्रमाण नेमकं साधलं तर पारा उणे 21 पर्यंत उतरू शकतो आणि वितळायला लागणारी उष्णता मधल्या भांड्यातल्या आंबा-दुधाकडून ओढली जाते. म्हणजे बर्फाने विरघळायचं आणि दुधाने घट्ट व्हायचं. हँडल मात्र थांबता कामा नये, नाहीतर खडे धरतात. सुरुवातीला ‘मी, मी’ म्हणत पोरं झोंबतात. मध्यावर हँडल जड होतं तेव्हा पोरांना तहान लागते. मग कॉलेजची मुलं येतात, त्यांना फोन येतात. शेवटच्या घटकेला मेंटेनन्सची थकबाकी असलेले सभासद स्वतःहून पुढे होतात आणि एक शब्द न बोलता दहा मिनिटं फिरवतात. गच्चीवर त्या रात्री पार्किंगचा विषय निघत नाही, कारण तोंडं भरलेली असतात.

दुसऱ्या दिवशी दोन पोरं शिंकली की आई ‘मी म्हणत नव्हते?’ असं म्हणते. तिच्या पाठीशी परंपरा आहे. 1834 साली जमशेटजी जीजीभॉय ह्यांनी मुंबईत मेजवानीला आइस्क्रीम वाढलं, पाहुण्यांना सर्दी झाली आणि ‘मुंबई समाचार’ने त्यावर ‘बरी अद्दल घडली’ अशा सुराची टिप्पणी केली, अशी गोष्ट सांगितली जाते. वृत्तपत्रांच्या इतक्या पिढ्या निघाल्या, पण घशाबद्दलचं संपादकीय धोरण बदललेलं नाही.

हिशेब मांडला तर ह्यात काहीच परवडत नाही. दूध, गॅस, वीज, लादी आणि मिक्सरची दुरुस्ती धरली तर त्या पैशांत कोपऱ्यावर विकतची कुल्फी खाऊन सुटे पैसे परत आले असते. पण दुकानातल्या कुल्फीला आपण गप्प बसून पैसे देतो. घरच्या कुल्फीवर सासू, सून, केमिस्ट, वॉचमन सगळ्यांना बोलता येतं. शिवाय ती पेटी काही दुकानातून आलेली नसते. गावाकडची माया पेटीच्या मापात येते, ती दोन खोल्यांच्या घराला एका बैठकीत संपत नाही, म्हणून ती गोठवून हप्त्याहप्त्याने खावी लागते. जूनच्या शेवटापर्यंत आमच्या फ्रीझरमध्ये राजापूर असतं, पुढे त्या जागी सासवड येतं आणि जानेवारीत पुन्हा मटार.

ह्या वर्षी मात्र जागाच उरली नाही. मी धीर करून मामांना फोन लावला. म्हटलं, ‘मामा, आंबे फार छान निघाले. पण आता दुसरी पेटी नका पाठवू. फ्रीझर भरलाय.’

पलीकडे जरा वेळ शांतता. मग मामा म्हणाले, ‘बरं, बरं. नाही पाठवत.’

मी सुटकेचा श्वास टाकला.

‘फणस उद्या रात्रीच्या गाडीत टाकतो,’ मामा म्हणाले. ‘तो काय फ्रीझरात ठेवायचा नसतो.’