साहेबांच्या खुर्चीचा पंचनामा

संपादित जमिनीचा वाढीव मोबदला थकवला म्हणून जिल्हाधिकाऱ्यांच्या खुर्चीवर जप्ती, ही बातमी आपल्याकडे पेपरात अधूनमधून उगवतेच. पुढे बेलीफ, मागे वकील, त्यांच्या मागे काठी टेकत मूळ मालक. बहुतेकदा तो नसतोच, वारस असतात. खुर्ची, संगणक, कधी साहेबांची गाडीसुद्धा. मग धावपळ होते, मुदत मागितली जाते आणि खुर्ची पुन्हा जागेवर. तलावाखाली गेलेली जमीन तेवढी परत येत नाही.

मोजणीची गंमत और. निवाडा लिहिताना सरकारला विहीर दिसत नाही, फळता आंबा रोपटं वाटतो, बागायतीची जिरायत होते. १८९४ च्या भूसंपादन कायद्यातल्या कलम १८ खाली दाद मागितली की त्याच विहिरीला कोर्टात पाणी लागतं! वर ३० टक्के दिलासा रक्कम. शिवाय वाढीव रकमेवर ताबा घेतल्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के आणि पुढे १५ टक्के व्याज. आज ठेवीवर एवढं कोणती सरकारी बँक देते? पण सरकार अपिलावर अपील करत तारखा वाढवतं आणि मीटर पळत राहतं. बिल तुमच्या-आमच्या करातून. म्हणजे थोडं त्या शेतकऱ्याच्याही खिशातून.

२०१४ पासून नवा कायदा लागू आहे. तरी जुन्या निवाड्यांच्या दरखास्ती संपलेल्या नाहीत. साहेब बदलून जातात. त्यांच्या खुर्चीचं कुठलं चाक जिन्यात अडकतं, हे एव्हाना बेलीफाला पाठ असावं.