‘यांना कुठंतरी पाहिलंय’ होण्यासाठी

एकांकिकेला बक्षीस मिळालं, काकू म्हणाल्या ‘टीव्हीत दिसायला हवास’, आता मुंबई गाठायची आहे? छान. नायक व्हायचं डोक्यात असेल तर इथेच थांबा. चेहरा ओळखीचा आणि नाव कुणालाच ठाऊक नाही, इथवर पोहोचायचं असेल तर पुढे वाचा.

१. खोली अंधेरीत घ्या. परवडणार नाही, तरी घ्या. वर्सोव्याच्या आराम नगरातल्या कास्टिंग ऑफिसांत रोज चक्कर मारा. दारावरचा मुलगा मान वर न करता ‘नॉट फिट’ म्हणेल. थँक्यू म्हणा आणि शेजारच्या दारात जा. पिशवीत दोन शर्ट ठेवा : एक वकिलाचा, एक मुलीच्या बापाचा.

२. एक खातं धरा, बदली मागू नका. जगदीश राज यांनी १४४ चित्रपटांत पोलीस इन्स्पेक्टर रंगवला आणि गिनीज बुकात नाव लावलं. खऱ्या खात्यात एवढ्या नोकरीवर पेन्शन तरी बसली असती. पण कलावंताने असले विचार करू नयेत.

३. संवाद मोजू नका. मरायचंच असेल तर मारणारा नीट निवडा. विजू खोटे ‘शोले’त (१९७५) गब्बरच्या गोळीने पडले आणि २०१९ साली खरोखर गेले तोवर लोकांसाठी कालियाच राहिले.

४. मालिकेत ‘काका’ मिळाला? अभिनंदन. काका सोफ्याच्या मागे उभा राहतो. नायिकेच्या कानाखाली बसली की कॅमेरा सगळ्यांच्या तोंडावरून फिरेल. तुमच्यापाशी आला की डोळे विस्फारा. पाणी मात्र काढू नका, ते नायिकेच्या वाट्याचं. हातात चहाचा कप घ्याच! मागच्या शॉटमध्ये कप दिसला की कंटिन्युइटीसाठी पुढच्या शॉटमध्येही तुम्हाला ठेवावंच लागतं. लेखकाशी गोड बोला. टीआरपी घसरला की घरातली माणसं कमी होतात, आणि सुरुवात काकापासून होते. पुण्याला पाठवलं तर आशा आहे. अमेरिकेला पाठवलं तर दुसरं काम शोधा. आणि सेटवरच्या भिंतीवर तुमचाच फोटो हार घालून दिसला, तर प्रॉडक्शनला फोन करून त्यांना अवघडवू नका. तो फोटो पुढे वर्षभर दिसेल. त्याचे पैसे नसतात.

५. ज्याचे असतात, ते ९० दिवसांनी येतात. येतात म्हणजे, ९० दिवसांनी विचारता येतं. तोवर दूधवाल्याला ‘ट्रॅक वाढतोय’ असं सांगा. बिचारा मालिका बघत असेल तर दूधवाला बदला.

६. नातेवाइकांच्या लग्नाला जरूर जा. कुणीतरी मावशी निरखून बघतील आणि विचारतील, ‘तुम्ही आमच्या बँकेत होतात ना?’ हो म्हणा. नाही म्हणालात तर मालिकेचं नाव, वाहिनी, वेळ सगळं सांगत बसावं लागेल, आणि त्या वेळेला मावशी दुसरीच मालिका बघतात.